आठ गाणी, त्रेचाळीस नोंदी

मी आज जो काही आहे तो आमच्या शाळेतल्या विज्ञानाच्या बाईंमुळे. हे वाक्य मी याआधी दोनदा चारचौघांत बोललो आहे. एकदा पुण्याच्या कॉलेजात, निरोपाच्या कार्यक्रमात, आणि एकदा इथे तोक्योत, एदोगावा भागातल्या मराठी मंडळींच्या गणपतीत. दोन्ही वेळा टाळ्या पडल्या. आता लिहिताना हात अडखळतो, कारण बाईंच्या मुलाचं आज जे काही झालं आहे त्याला बऱ्याच अंशी मी कारण आहे.

आमचं गाव सांगली जिल्ह्याच्या पार दक्षिण टोकाला. कर्नाटक इतकं जवळ की बाजारातली अर्धी भांडणं कन्नडमध्ये होतात. माझी आई बेदाण्याच्या शेडवर निवडायला जायची. दिवसभर ढिगापुढे बसून काळा दाणा, फुटका दाणा, काडी, खडा बाजूला काढायचा. वडील त्याच शेडवर बेदाण्याला गंधकाची धुरी द्यायचे. घरात अभ्यासाला जागा नव्हती, आणि अभ्यास करणारा माणूस कसा दिसतो हे कुणी पाहिलेलं नव्हतं. आठवीत असताना बाईंनी मला संध्याकाळी घरी यायला सांगितलं. पुढची पाच वर्षं मी त्यांच्या स्वयंपाकघरातल्या पत्र्याच्या टेबलाशी बसलो. इंजिनिअरिंगचा फॉर्म त्यांनी भरला. प्रवेशाच्या दिवशी रजा टाकून त्या माझ्याबरोबर एसटीने पुण्याला आल्या. वडीलही आले होते, पण ते कॉलेजच्या फाटकाबाहेर थांबले. आत शिरायची त्यांना भीती वाटली. आत माझ्याबरोबर बाई आल्या.

बाईंची वही तपासायची एक पद्धत होती. पानावर दहा चुका असल्या तरी त्या लाल पेनाने एकच दाखवायच्या, आणि वही परत द्यायच्या. मी एकदा विचारलं की बाकीच्या का नाही दाखवल्या. त्या म्हणाल्या, "बाकीच्या तुझ्या तुला सापडतील. नाही सापडल्या तर उद्या दुसरी सांगेन." हे मी मुद्दाम आधीच सांगून ठेवतो, कारण नेमकं हेच मी विसरलो.

जपानला येऊन मला बारा वर्षं झाली. आम्ही तोक्योतच, ओजिमाला, सरकारी वसाहतीतल्या इमारतीत राहतो. आमच्या मजल्यावर तीन घरं भारतीयांची आहेत. नोकरी कावासाकीला. जाताना दोनदा गाडी बदलावी लागते. काम सॉफ्टवेअरचं, पण गेली आठ-नऊ वर्षं मी स्वतः फारसं काही बनवत नाही. दुसऱ्यांनी बनवलेलं तपासतो.

तपासायची तिथली रीत सांगितली पाहिजे. तपासणाऱ्याने एक तक्ता भरायचा असतो: अनुक्रमांक, पान, काय आढळलं, तीव्रता, कसं सुधारावं. पहिल्या वर्षी मी एका सहकाऱ्याचं साठ पानांचं काम तपासलं. मला ते फार आवडलं. तक्त्यात मी लिहिलं, 'अडचण नाही'. विभागप्रमुखांनी मला बोलावून घेतलं. रागावले नाहीत. माझ्या नावापुढे तिथला आदराचा 'सान' लावून, अगदी हळू आवाजात त्यांनी विचारलं की मला वाचायला वेळ मिळाला नाही का. साठ पानांत साधारण किती चुका निघायला हव्यात याचा त्यांच्याकडे जुन्या कामांवरून बांधलेला अंदाज असतो. त्याहून फारच कमी निघाल्या तर काम चांगलं आहे असं कुणी धरत नाही. तपासणाऱ्याने मन लावलं नाही असं धरतात. मला एक पानभर आत्मपरीक्षण लिहून द्यावं लागलं. पुन्हा तपासल्यावर एकतीस चुका सापडल्या, आणि ज्याच्या कामात त्या सापडल्या त्या सहकाऱ्याने कमरेत वाकून माझे आभार मानले.

त्या दिवसापासून मी तयार झालो. कुणाच्या कामात शक्य तितक्या चुका शोधणं म्हणजे त्याला मान देणं, हे माझ्या अंगात भिनलं. तक्त्यात कौतुकाला रकाना नसतो. ज्याबद्दल काही लिहिलेलं नाही ते चांगलं आहे, असं तिथे सगळे न सांगता समजून असतात. माझ्यापुरतं सांगायचं तर मला ही पद्धत आवडायलाही लागली होती. आईची बोटं बेदाण्यातून जशी फिरायची तशी माझी नजर फिरते, असं मी एकदा बायकोला सांगितलं होतं. ती म्हणाली, "आई निदान चांगला बेदाणा घरी तरी आणायच्या."

बाईंनी माझ्याकडे कधी काही मागितलं नव्हतं. दोन वर्षांपूर्वी, एका रविवारी सकाळी, त्यांचा फोन आला आणि त्यांनी मागितलं. त्यांचा मुलगा माझ्यापेक्षा बारा वर्षांनी लहान. मी त्यांच्याकडे अभ्यास करायचो तेव्हा तो शेजारी डबे बडवायचा. आता तो आणि त्याचा एक मित्र मिळून रॅप करत होते. मित्र मोटर रिवाइंडिंगच्या दुकानात कामाला. दोघांनी बाईंच्या घराच्या वरच्या खोलीत, भिंतींना गाद्या टेकवून, आठ गाण्यांचा अल्बम केला होता. मुलाने बीएस्सी अर्धवट सोडलं होतं. बाईंचं आणि त्याचं ठरलं होतं की या अल्बमचं काही झालं तर ठीक, नाही झालं तर तो मुकाट्याने सोलापूरला मामाच्या मोबाइलच्या दुकानात बसेल. पुण्यातल्या एका लहान कंपनीने ऐकायची तयारी दाखवली होती, पण संधी एकदाच मिळणार होती.

बाई म्हणाल्या की गाण्यातलं त्यांना कळत नाही, त्या आई आहेत, त्यांना सगळंच बरं वाटतं. "तू बघून दे," त्या म्हणाल्या. "तुला बघायची सवय आहे."

मुलाने गाणी पाठवली आणि सोबत आणखी एक अल्बम पाठवला, आधी तो ऐका म्हणून. अमेरिकेच्या दक्षिण भागातल्या दोघांचा. त्या दोघांना ऐकूनच हे दोघे या नादाला लागले होते. मुलाने लांबलचक निरोपात लिहिलं होतं की तिकडच्या मोठ्या शहरांतल्या जाणकारांना दक्षिणेकडची ती बोली आधी गावंढळ वाटली होती, आणि त्यांनी ती बदलली नाही म्हणून पुढे त्याच बोलीसाठी लोक त्यांना ऐकू लागले. आम्ही पण दक्षिणेकडचेच की दादा, असं त्याने शेवटी लिहिलं होतं. मी तो अल्बम ऐकला. संदर्भ म्हणून ऐकला. आवाजाची पातळी, ठेका, गाण्यांची लांबी, याची टिपणं काढली. मुलाने निरोपात काय सांगितलं होतं ते मी वाचलं होतं, पण ते टिपणांत कुठे बसत नव्हतं.

मग यांची गाणी ऐकली, सोमवारी सकाळी, कामावर जाताना. दुसरं गाणं बेदाणा निवडणाऱ्या बायकांवर होतं. ठेका म्हणून त्यांनी चाळणीवर दाणे हलवल्याचा आवाज घेतला होता. गंधकाने डोळे चुरचुरतात, बोटांना चिकटा धरतो, मुकादम दारात उभा राहतो, आणि एक बाई दुसरीला नवऱ्याचं नाव घ्यायला लावते, असं सगळं त्यात होतं, आमच्या बोलीत, मध्येच कन्नडमध्ये. गाणं निम्म्यावर आलं आणि मागून, जिन्याखालून, एका बाईची हाक आली: "पाणी आलंय रे, घागरी लावा!" आमच्या गावात नळाला चार-चार दिवसांनी पाणी येतं, हाक आली की हातातलं टाकून पळायचं. दोघं हसले, जिन्यावरून धडधडत उतरल्याचा आवाज आला, खाली घागर आपटली, आणि थोड्या वेळाने ते परत आले आणि धापा टाकतच पुढचं कडवं म्हणाले. त्यांनी ते तसंच ठेवलं होतं.

हाक बाईंची होती. मी ती पहिल्या शब्दाला ओळखली. त्याच आवाजात त्यांनी मला पाच वर्षं अभ्यासातून उठवून घागरी भरायला लावल्या होत्या.

मला शिनागावाला उतरून गाडी बदलायची होती. मी उतरलो नाही. गाडी कधी थांबली, कधी सुटली, मला कळलं नाही. दोन स्टेशनं पुढे जाऊन परत आलो, आणि दहा वर्षांत पहिल्यांदा कामावर उशिरा पोचलो.

हे मी कुणाला सांगितलं नाही. तक्त्यात तर नाहीच.

पुढचे चार रविवार मी सकाळी बसून काम केलं. चांगले हेडफोन आणले. प्रत्येक गाणं सात-आठ वेळा ऐकलं. माझी मुलगी स्वयंपाकघरात नाचायची; ती दुसरीत आहे, मराठीत विचारलं की जपानीत उत्तर देते, पण बाईंची ती हाक तिला पाठ झाली होती. नळाखाली हात धुताना ती 'घागरी लावा' म्हणायची आणि एकटीच हसायची. बायकोने माझ्या खांद्यावरून तक्ता पाहिला आणि विचारलं की हे काय करताय.

मी म्हणालो, "बाईंनी काम सांगितलंय. नीट करायला नको?"

"गाणी आवडलीत ना तुम्हाला? मग छान आहेत एवढं सांगा की आधी."

"नुसतं छान म्हटलं तर मी ऐकलंच नाही असं वाटेल त्यांना."

हे मी अगदी मनापासून म्हणालो. आजही मला ते वाक्य माझ्याच आवाजात ऐकू येतं.

एकूण त्रेचाळीस नोंदी झाल्या. श्वास ऐकू येतो. तिसऱ्या गाण्याचा शेवट लांबला आहे. दोघांच्या आवाजाची पातळी सारखी नाही. बोली सांगली-कोल्हापूरबाहेरच्या श्रोत्याला अडेल, सौम्य करावी. कन्नड ओळी कमी कराव्यात. चाळणीचा आवाज अस्पष्ट, त्याऐवजी तयार ठेका वापरावा. आणि नोंद क्रमांक एकोणीस: 'गाणे दुसरे. पार्श्वभूमीवर घरातील महिलेचा आवाज. त्यामुळे गाण्यात खंड. अनावश्यक, काढून टाकावे. तीव्रता: उच्च.'

घरातील महिला. मला माहीत होतं ती कोण आहे. पण तक्त्यात बाई असं लिहीत नाहीत.

तक्ता मुलाला पाठवताना मला फार समाधान वाटत होतं. बाईंच्या उपकाराची परतफेड होत नाही, पण त्या दिवशी वाटलं की थोडीशी केली. त्या वर्षीच्या गणपतीत मी चार लोकांना सांगितलंही की आमच्या गावच्या पोरांचा अल्बम मी तपासून दिलाय.

दोन आठवडे काही कळलं नाही. मग मुलाचा निरोप आला, दोनच शब्दांचा: 'करतो, दादा.' दुसऱ्या दिवशी त्याच्या मित्राचा फोन आला. हा मित्र मला कधी भेटलेला नव्हता. मागे दुकानातल्या यंत्राचा घरघराट चालू होता. त्याने आधी माझी चौकशी केली, जपानमध्ये भाकरी मिळते का विचारलं, आणि मग म्हणाला, "दादा, तक्ता लई भारी केलाय तुम्ही. पर एक रकाना कमी हाय बगा."

मी विचारलं, कुठला.

"काय आवडलं त्येचा."

मी त्याला समजावलं. शांतपणे, वरिष्ठ जसं बोलतात तसं. ज्याची नोंद नाही ते सगळं चांगलं आहे, असं धरायचं असतं.

"आमाला काय कळायचं ओ ते," तो म्हणाला. "आमी गावाकडची." आणि हसून त्याने फोन ठेवला. मी ते हसणं मोकळं समजलो.

त्यांनी त्रेचाळीसच्या त्रेचाळीस नोंदी दुरुस्त केल्या. माझं म्हणणं होतं तसं सांगलीच्या स्टुडिओत जाऊन सगळं पुन्हा ध्वनिमुद्रित केलं. बोली सौम्य केली. कन्नड काढलं. चाळणीऐवजी तयार ठेका आला. मुलाने मला तक्ता परत पाठवला तेव्हा प्रत्येक नोंदीपुढे 'झाले' लिहिलं होतं. एवढ्या शिस्तीने माझ्या कार्यालयातही कुणी दुरुस्ती करत नाही. पुण्याच्या कंपनीने ऐकलं, हरकत घेतली नाही, आणि अल्बम बाहेर आला.

त्याच्यावर फार काही लिहिलं गेलं नाही. जे लिहिलं गेलं ते मी सगळं वाचलं, पुन्हा पुन्हा. पुण्यातल्या एका संगीताच्या संकेतस्थळावर पहिलं परीक्षण आलं. ध्वनिमुद्रण निर्दोष आहे, असं त्याचं पहिलंच वाक्य होतं, आणि खरं सांगतो, मला गाडीत उभ्या उभ्या अभिमान वाटला. पुढच्या वाक्यात लिहिलं होतं की याखेरीज या अल्बमबद्दल सांगण्यासारखं काही नाही. दुसऱ्या एकाने लिहिलं की दक्षिण सीमेवरची पोरं म्हणून उत्सुकतेने ऐकायला घेतलं, पण ही पोरं कुठल्या गावची आहेत ते आठ गाण्यांत कळलं नाही. बेदाणा निवडणाऱ्या बायकांवरचं गाणं बेदाणा दुकानातच पाहिलेल्या माणसाने लिहिल्यासारखं वाटतं. तिसरा एक जण मोबाइलसमोर बसून परीक्षणं करतो. त्याने दोन मिनिटं ऐकलं, जांभई दिली, आणि दहापैकी तीन गुण दिले. खाली लोकांनी हसण्याची चिन्हं टाकली होती.

मला पहिल्यांदा राग आला तो या लोकांचा. शहरातले आहेत, आमच्या लोकांना असंच बोलणार, असं मी बायकोला म्हणत राहिलो. काही दिवस त्या रागावर निभावलं. पण त्यांनी जे लिहिलं होतं ते खरं होतं, आणि ते मीच खरं करून ठेवलं होतं. त्यांच्या कानाला जे खटकेल असं मला वाटलं ते मी आधीच काढून टाकायला लावलं होतं. त्यांना मूळ गाणी ऐकायला मिळालीच नाहीत. ती आवडली असती की नाही हे आता कुणालाच सांगता येणार नाही.

मुलीने नवा अल्बम ऐकला तेव्हा ती दुसऱ्या गाण्याची वाट बघत थांबली. हाकेची जागा आली आणि गेली. तिने माझ्याकडे बघून जपानीत विचारलं की आजी कुठे गेली. मी म्हटलं, काढली. "का?" तिने विचारलं, तेही जपानीत. ती जुन्या गाण्यांकडे परत गेली. ती गाणी अजून माझ्या फोनवर होती.

पुढच्या गणपतीत एका गृहस्थांनी प्रसादाची वाटी हातात देताना विचारलं, "काय हो, तुमच्या त्या गाववाल्या रॅपरांचं काय झालं? आमच्या चिरंजीवांना लावून दिलं होतं. झोपले बिचारे." सगळे हसले. मीही हसलो. ते हसणं मी स्वतःला अजून माफ केलेलं नाही.

त्याच महिन्यात कार्यालयात मला तपासणीच्या गुणवत्तेबद्दल प्रशस्तिपत्र मिळालं. विभागप्रमुखांनी दोन्ही हातांनी दिलं, मी दोन्ही हातांनी घेतलं. घरी आल्यावर बायको म्हणाली की भिंतीला लावू या का. मी ते कागद आणि पुठ्ठ्याच्या कचऱ्याच्या गठ्ठ्यात बांधलं. मंगळवारी सकाळी गाडी येऊन घेऊन गेली.

दोघांची जोडी मोडली. मित्र म्हणे मुलाला म्हणाला की तुझ्या जपानच्या दादाचं ऐकून आपण आपलाच आवाज पुसून टाकला. मुलाने माझी बाजू घेतली. माझी बाजू घेऊन भांडला, आणि मित्र गेला तो परत आला नाही. मग मुलगा ठरल्याप्रमाणे सोलापूरला गेला. मामाच्या दुकानात तो मोबाइलच्या काचा बदलतो. माझे निरोप उघडत नाही.

हे मला बाईंनी फोनवर सांगितलं. मीच केला होता फोन. करायला चार महिने लावले. त्यांनी आधी मुलीची चौकशी केली, बायकोची केली, थंडी पडली का विचारलं. मग जे झालं ते सांगितलं, क्रमाने, प्रयोगाची कृती सांगावी तसं. मी माफी मागायला सुरुवात केली. त्यांनी मला थांबवलं.

"एक विचारू?" त्या म्हणाल्या. "नोंद एकोणीस. घरातील महिला. ती मीच ना?"

"हो, बाई."

"आवाज ओळखला होतास?"

"ओळखला होता."

"मग ठीक आहे. ओळखला नसतास तर मला वाईट वाटलं असतं."

मग त्या म्हणाल्या, "पण एवढ्या सगळ्या एकदम सांगायच्या असतात होय रे?"

त्या क्षणी मला त्यांचं लाल पेन आठवलं. पानावर एकच खूण.

ठेवता ठेवता त्यांनी आणखी एक गोष्ट सांगितली. सोलापूरला जायच्या आधी मुलाने वरच्या खोलीतला संगणक विकला. विकण्याआधी त्याच्यावरचं आणि स्वतःच्या फोनमधलं सगळं पुसलं, जुनं ध्वनिमुद्रणसुद्धा. मित्राकडेही नाही, त्याचा फोन मध्यंतरी बदलला. त्या म्हणाल्या, गाद्या खाली आणल्या, आता पाहुण्यांना होतात.

म्हणजे ती आठ गाणी, जशी झाली होती तशी, आता फक्त ओजिमाला, माझ्या फोनवर आहेत.

मी ती पेन ड्राइव्हवर घेतली. मुलाला पाठवून उपयोग नव्हता, तो उघडणार नाही. बाई पत्र उघडतात. माझी कॉलेजातली सगळी पत्रं त्यांनी जपून ठेवली आहेत, हे मला माहीत आहे. शनिवारी सकाळी मी पोस्टात गेलो. पाकिटात काय आहे ते लिहायच्या चौकटीत मी 'पेन ड्राइव्ह, एक' एवढंच लिहिलं. खिडकीतल्या मुलीने विचारलं, आत महत्त्वाचं काही आहे का, कारण टपालात हरवलं तर भरपाईची वेगळी सोय आहे. मी म्हणालो, दुसरी प्रत घरी आहे. सोबतच्या पत्राचीही एक प्रत ठेवली आहे, ती इथेच देतो.

आदरणीय बाई,

साष्टांग नमस्कार.

सोबत एक पेन ड्राइव्ह आहे. त्यात तुमच्या घरी वरच्या खोलीत झालेली आठ गाणी आहेत, मी काही सुचवण्याआधीची. मी त्यांना हात लावलेला नाही. शाळेच्या संगणकावर ती लागतील. तुमच्याकडे असावीत म्हणून पाठवतो आहे. त्याला कधी सांगायचं, सांगायचं की नाही, हे तुम्ही ठरवा. मी पाठवली म्हणून सांगू नका.

तुम्ही पानावर एकच चूक दाखवायचात. मी ते विसरलो. माझ्या इथल्या कामात जे शिकलो तेच आदर दाखवणं आहे असं समजून बसलो, आणि ज्या घरात मला आदर म्हणजे काय ते शिकायला मिळालं तिथेच ते पाठवून दिलं. तुमच्या मुलाने प्रत्येक नोंदीपुढे 'झाले' लिहिलं, ते मी रोज उघडून बघतो. त्याचं ऐकणं तुमच्यावर गेलं आहे. मी त्याच्या त्या गुणाचा घात केला.

त्याच्या मित्राने मला सांगितलं होतं की माझ्या तक्त्यात एक रकाना कमी आहे. तेव्हा मी त्याला उत्तर दिलं, आणि ते उत्तर चुकीचं होतं. तो रकाना मी आता भरतो आहे. उशीर झाला आहे हे मला कळतं. भरल्याने कुणी सोलापूरहून परत येणार नाही हेही कळतं. तरी तुमच्याकडे लिहिलेलं असू दे.

दुसऱ्या गाण्यात चाळणीचा आवाज आहे तो माझ्या आईच्या चाळणीचा वाटला. चौथ्या गाण्यात दोघं एकदम श्वास घेतात ते मला आवडलं. सहाव्यात कन्नड ओळी आहेत त्या मला आवडल्या, त्यातल्या निम्म्या मला कळल्या नाहीत तरी. आणि दुसऱ्या गाण्यात तुम्ही पाणी आल्याचं सांगता, त्या जागी मी शिनागावाला उतरायचं विसरलो. दोन स्टेशनं पुढे गेलो. त्या दिवशी कामावर उशिरा पोचलो, आणि का उशीर झाला ते कुणाला सांगितलं नाही. तक्त्यात तेवढंच लिहायला हवं होतं. त्याला एवढी एकच नोंद पुरली असती.

घरी सगळे ठीक. मुलगी अजून हात धुताना तुमची हाक मारते.

आपला विद्यार्थी